मुंबईच्या उपनगरातली ‘कुटुंबमूल्यां’ची लढाई: ख्रिस्ती संघटना सरकारकडे नेमकं काय मागतात?

सिनेमात फादर वाईट दाखवला किंवा नाटकात नन गरोदर दाखवली, की मुंबईत पुढच्या गोष्टी ठरल्याप्रमाणे घडतात. एखाद्या कॅथलिक संघटनेचं पत्रक निघतं. मुख्यमंत्र्यांना निवेदन जातं, सेन्सॉर बोर्डाकडे तक्रार होते आणि संध्याकाळी टीव्हीवर चर्चा झडते.

सोशल मीडियावर याचे लगेच दोन अर्थ निघतात. एक गट म्हणतो, ‘बघा, हेही तेवढेच कट्टर.’ दुसरा म्हणतो, ‘अल्पसंख्याकांच्या भावनांना कोणी किंमत देत नाही.’

या गोंगाटात मूळ प्रश्न मागे पडतो. लग्न, घटस्फोट, मूल, शरीरसंबंध याबद्दलचे आपल्या धर्माचे नियम टिकवण्यासाठी सरकारची मदत मागावी का? आणि मागितली, तर तेच सरकार उद्या आपल्याच घरात नियम घेऊन आलं तर काय करायचं?

समान नागरी कायदा आणि धर्मांतरविरोधी कायदा यांची चर्चा सुरू असताना हा प्रश्न अंधेरी, मालाड, बोरिवली, मुलुंडच्या ख्रिस्ती कुटुंबांसाठी पुस्तकी राहिलेला नाही.

हे लोक कोण आणि किती?

२०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात ख्रिस्ती लोकसंख्या सुमारे १०.८ लाख होती, म्हणजे एक टक्क्याहूनही थोडी कमी. मुंबई उपनगर जिल्ह्यात हे प्रमाण राज्याच्या तिपटीहून जास्त आहे. मालाडचं ओर्लेम, बोरिवलीची आयसी कॉलनी, अंधेरीतलं मरोळ, गोराईची गावठाणं ही नावं मुंबईकरांच्या ओळखीची आहेत. आयसी कॉलनीचं नावच मुळी तिथल्या इमॅक्युलेट कन्सेप्शन चर्चवरून पडलं आहे.

हा समाज एकसारखा नाही. मराठी बोलणारे ईस्ट इंडियन इथले मूळ रहिवासी. त्यांच्यासोबत गोव्याचे, मंगळूरचे, केरळ-तमिळनाडूचे कॅथलिक आहेत. शिवाय प्रोटेस्टंट आणि पेंटेकॉस्टल चर्च वेगळी. त्यामुळे ‘ख्रिश्चनांची मागणी’ असं काही म्हटलं गेलं, की पहिला प्रश्न हाच विचारायला हवा की नेमकी कोणाची?

साधारणपणे तीन आवाज असतात. पहिला अधिकृत चर्चचा, म्हणजे मुंबईच्या आर्चबिशपचा आणि त्यांच्या प्रवक्त्यांचा. दुसरा सर्वसामान्य कॅथलिकांनी चालवलेल्या संघटनांचा. यात बॉम्बे कॅथलिक सभेसारख्या चर्चच्या जवळच्या संस्था येतात आणि कॅथलिक सेक्युलर फोरमसारखे स्वतंत्र दबावगटही. तिसरा आवाज त्याच समाजातल्या महिला संघटना, वकील आणि सुधारकांचा. बातम्यांमध्ये बहुतेक वेळा फक्त दुसरा ऐकू येतो, कारण पत्रक सगळ्यात आधी त्यांचं येतं.

अमेरिकेसारखी लॉबी इथे का नाही?

अमेरिकेत ‘पारंपरिक कुटुंबमूल्यं’ हा मोठा राजकीय उद्योग आहे. १९७७ मध्ये जेम्स डॉब्सन यांनी ‘फोकस ऑन द फॅमिली’ सुरू केली. १९७९ मध्ये जेरी फॉलवेल यांची ‘मॉरल मेजॉरिटी’ आली. गर्भपात, समलैंगिकता, शाळेतली प्रार्थना या मुद्द्यांवर या संघटनांनी मतदार जोडले, उमेदवारांना पाठिंबा दिला, न्यायमूर्तींच्या नेमणुकांवर लक्ष ठेवलं. २०२२ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने गर्भपाताचा घटनात्मक हक्क काढून घेतला, तो या अनेक दशकांच्या कामाचा परिणाम होता.

मुंबईत हे गणित बसत नाही. एक टक्का लोकसंख्येच्या जोरावर राज्याचं सरकार हलत नाही. त्यामुळे इथल्या संघटना मतपेटीऐवजी तीन दारं ठोठावतात: सेन्सॉर बोर्ड, पोलीस ठाणं आणि न्यायालय. आणखी एक मोठा फरक आहे. अमेरिकेत हे गट बहुसंख्याकांच्या वतीने बोलतात. इथे त्याच संघटनेला एका हाताने नैतिकतेचा झेंडा धरावा लागतो आणि दुसऱ्या हाताने चर्चवरच्या हल्ल्यांची यादी करावी लागते.

कॅथलिक सेक्युलर फोरम याचं ठळक उदाहरण आहे. जोसेफ डायस यांच्या नेतृत्वाखालच्या या मुंबईच्या संघटनेने सिनेमा-नाटकांवर आक्षेप घेतले आणि देशभरातल्या ख्रिश्चनांवरच्या अत्याचारांचे अहवालही काढले. दोन्ही कामं एकाच पत्त्यावरून चालली.

पडद्यावरची लढाई

२००५ मध्ये विनोद पांडे यांचा ‘सिन्स’ हा सिनेमा आला. त्यात एका कॅथलिक धर्मगुरूचे तरुणीशी संबंध दाखवले होते. फोरमने जोरदार विरोध केला. सिनेमा प्रदर्शित झालाच.

पुढच्याच वर्षी ‘द दा विंची कोड’ आला. येशूचं लग्न झालं होतं, त्याला संतती होती, ही त्यातली कल्पना. मुंबईत आंदोलन झालं, डायस यांनी उपोषणाचं हत्यार उपसलं. तेव्हाचे माहिती आणि प्रसारण मंत्री प्रियरंजन दासमुन्शी यांनी कॅथलिक प्रतिनिधींसोबत सिनेमा पाहिला. अखेर ‘ही कथा काल्पनिक आहे’ अशी सूचना लावून तो प्रौढांसाठीच्या प्रमाणपत्रासह प्रदर्शित झाला. गोव्यासह काही राज्यांनी मात्र बंदी घातली.

२०१५ मध्ये कैझाद कोतवाल यांच्या ‘अ‍ॅग्नेस ऑफ गॉड’ या नाटकावरून पुन्हा तेच घडलं. जॉन पीलमायर यांच्या या नाटकात एका तरुण ननला मूल होतं आणि ते मृतावस्थेत सापडतं. नन आणि धर्मगुरूंच्या ब्रह्मचर्याची बदनामी होते, असा आक्षेप घेत फोरमने बंदी मागितली.

आक्षेप घेणाऱ्यांची बाजू समजून घेण्यासारखी आहे. उपनगरात हजारो मुलं ननच्या शाळांमध्ये शिकली. ज्या समाजाबद्दल इतरांना फारशी माहिती नाही, त्याची ओळख सिनेमातल्या दारुड्या ‘पेड्रो’ आणि तोकड्या कपड्यांतल्या ‘रोझी’वरूनच होत आली. त्यातून आलेली चीड खरी आहे. पण प्रत्येक वेळी उपाय एकच सुचवला गेला, तो म्हणजे सरकारने थांबवावं.

हा उपाय किती पुढे जाऊ शकतो, हे २०१२ मध्ये विलेपार्ल्यात दिसलं. इर्ला इथल्या वेलंकणी मातेच्या चर्चमधल्या क्रूसावरच्या येशूच्या पायांतून पाणी ठिबकू लागलं आणि श्रद्धाळूंची गर्दी झाली. विवेकवादी सनल एडामारुकू यांनी पाहणी करून सांगितलं, की तुंबलेल्या सांडपाण्याचं पाणी भिंतीतून झिरपत वर चढतंय. टीव्हीवरच्या चर्चेत त्यांनी चर्चवरही टीका केली. त्यानंतर कॅथलिक संघटनांच्या पदाधिकाऱ्यांनी पोलिसांत तक्रारी दिल्या. कलम होतं भारतीय दंड संहितेचं २९५-अ, म्हणजे धार्मिक भावना जाणूनबुजून दुखावणं. अटकेची टांगती तलवार असल्याने एडामारुकू त्याच वर्षी फिनलंडला गेले.

हेच कलम आता भारतीय न्याय संहितेत २९९ क्रमांकाने आहे. ते कोणत्याही धर्माच्या तक्रारदाराला वापरता येतं आणि प्रार्थनासभा घेणाऱ्या पास्टरविरुद्धही वापरता येतं.

खरा बदल कुठे झाला? घटस्फोटाच्या कायद्यात

सिनेमाच्या वादांना मथळे मिळाले. पण ख्रिस्ती कुटुंबाचं आयुष्य बदलणारी लढाई शांतपणे न्यायालयात चालली होती.

ख्रिस्ती जोडप्यांना लागू असलेला घटस्फोटाचा कायदा १८६९ चा, ब्रिटिशांचा. त्यात नवऱ्याला बायकोचा व्यभिचार सिद्ध केला की घटस्फोट मिळत असे. बायकोला मात्र तेवढं पुरत नसे. व्यभिचारासोबत क्रूरता किंवा दोन वर्षं सोडून जाणं, असं काहीतरी जोडून दाखवावं लागे. नवरा रोज मारतो पण व्यभिचार करत नाही, अशा बाईला सुटकाच नव्हती. फार तर वेगळं राहण्याचा हुकूम मिळायचा.

१९९७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने ही अट घटनाबाह्य ठरवली. क्रूरता किंवा सोडून जाणं हे स्वतंत्र कारण पुरेसं आहे, असा निर्णय दिला. २००१ मध्ये संसदेने कायदाच बदलला. नवरा-बायकोसाठी कारणं सारखी झाली आणि कलम १०-अ मुळे परस्पर संमतीने घटस्फोटाची सोय पहिल्यांदा आली. या दुरुस्तीमागे ख्रिस्ती महिला संघटनांचा अनेक वर्षांचा पाठपुरावा होता, आणि चर्चच्या प्रतिनिधींशी बोलून तयार झालेले मसुदेही होते.

इथे कॅथलिक शिकवण नेमकी काय आहे, ते पाहायला हवं. चर्चच्या दृष्टीने लग्न हा संस्कार आहे आणि वैध लग्न मोडताच येत नाही. त्यामुळे चर्च घटस्फोट देत नाही. चर्चचं न्यायाधिकरण फक्त एवढं ठरवू शकतं, की लग्न मुळातच वैध नव्हतं, उदाहरणार्थ संमती जबरदस्तीची होती किंवा महत्त्वाची गोष्ट लपवली होती. याला अ‍ॅनलमेंट म्हणतात.

म्हणजे ओर्लेममधल्या एखाद्या बाईचा संसार मोडला आणि तिला पुन्हा चर्चमध्ये लग्न करायचं असेल, तर तिला दोन दारं चढावी लागतात. वांद्र्याच्या कुटुंब न्यायालयातून घटस्फोट आणि चर्चच्या न्यायाधिकरणातून अ‍ॅनलमेंट. फक्त पहिला मिळाला तर कायद्याने ती मोकळी, पण चर्चमध्ये लग्न नाही. फक्त दुसरा मिळाला आणि तिने लग्न केलं, तर ते कायद्याने द्विभार्या-द्विपतीचा गुन्हा ठरू शकतो.

चर्चच्या निकालालाच कायदेशीर मान्यता द्या, अशी मागणी कर्नाटकातले वकील क्लॅरेन्स पैस यांनी सर्वोच्च न्यायालयात केली होती. त्यांचा युक्तिवाद असा, की मुस्लिमांचा तलाक मान्य होतो तर आमचा धर्मकायदा का नाही? जानेवारी २०१७ मध्ये न्यायालयाने याचिका फेटाळली. संसदेचा कायदा असताना धर्मकायदा त्याच्या जागी येऊ शकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्येच सांगितलं होतं.

गोव्यात मात्र चित्र वेगळं होतं. पोर्तुगीज काळातल्या १९४६ च्या फर्मानानुसार चर्चच्या न्यायाधिकरणाच्या अ‍ॅनलमेंटला उच्च न्यायालयामार्फत दिवाणी मान्यता मिळण्याची सोय होती. एकाच धर्माच्या दोन बहिणी, एक म्हापशात आणि दुसरी बोरिवलीत, तर दोघींसाठी कायदा वेगळा.

पोप फ्रान्सिस यांनी २०१५ मध्ये अ‍ॅनलमेंटची प्रक्रिया सोपी केली. दुसऱ्या न्यायाधिकरणाकडून निकालावर शिक्कामोर्तब करण्याची सक्ती काढली. पण दोन दारं दोनच राहिली.

समाजाच्या आतून विरोध

‘कुटुंब टिकलं पाहिजे’ या आग्रहाची किंमत कोण मोजतं, हा प्रश्न बाहेरच्यांनी नंतर विचारला. आधी तो ख्रिस्ती बायकांनीच विचारला.

फ्लाविया अ‍ॅग्नेस यांचं नाव यात पहिलं. मारहाणीच्या संसारातून त्या बाहेर पडल्या, तो अनुभव त्यांनी लिहून काढला, नंतर वकील झाल्या आणि ‘मजलिस’ ही महिलांना कायदेशीर मदत करणारी संस्था उभी केली. ‘सहन कर, प्रार्थना कर’ हा सल्ला बाईसाठी काय ठरतो, हे त्यांनी स्वतःच्या अनुभवातून आणि अशिलांच्या खटल्यांतून मांडलं. व्हर्जिनिया सल्डान्हा आणि अ‍ॅस्ट्रिड लोबो गाजीवाला या मुंबईच्या दोन कॅथलिक महिलांनी चर्चच्या यंत्रणेत राहून वर्षानुवर्षं हाच मुद्दा लावून धरला. २०१० मध्ये भारतातल्या कॅथलिक बिशपांच्या परिषदेने स्त्री-पुरुष समानतेचं धोरण जाहीर केलं, त्यामागे अशा महिलांचं काम होतं.

पारंपरिक बाजूचं म्हणणंही एका वाक्यात उडवून देण्यासारखं नाही. तरुण मुलं कॅनडा, ऑस्ट्रेलिया, आखाताकडे जातात. गावठाणातल्या जुन्या घरांत म्हातारी माणसं उरतात. आंतरधर्मीय लग्नं वाढतात. अशा लहान समाजाला कुटुंब हाच शेवटचा आधार वाटतो. म्हणूनच मुंबईत चर्चमध्ये लग्न करायचं असेल, तर जोडप्याला विवाहपूर्व शिबिराला बसावं लागतं. माहीमचं ‘स्नेहालय’ हे केंद्र यासाठी ओळखलं जातं. पटवून सांगणं, समुपदेशन करणं, संकटात सोबत राहणं या मार्गाला सरकारी हुकूम लागत नाही. वाद सुरू होतो तो सक्तीपाशी.

गर्भपात आणि कलम ३७७: मुंबईची भूमिका एकसुरी नव्हती

२००८ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात एका जोडप्याचं प्रकरण गाजलं. गर्भाच्या हृदयात गंभीर दोष आढळला होता, पण कायद्याची २० आठवड्यांची मर्यादा उलटून गेली होती. डॉ. निखिल दातार यांनी जोडप्यासोबत याचिका केली. न्यायालयाने परवानगी नाकारली. मुंबईच्या कॅथलिक चर्चने निर्णयाचं स्वागत केलं. जीवन गर्भधारणेपासूनच सुरू होतं, ही चर्चची जाहीर शिकवण आहे.

पण कायदा उलट दिशेने गेला. २०२१ च्या दुरुस्तीने काही गटांतल्या महिलांसाठी मर्यादा २४ आठवडे झाली आणि गर्भात गंभीर दोष असेल तर वैद्यकीय मंडळाच्या परवानगीने त्यापुढेही मुभा मिळाली. सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अविवाहित महिलांनाही हा हक्क दिला. त्याच वर्षी १० ऑगस्टला, म्हणजे १९७१ च्या गर्भपात कायद्याच्या तारखेला, दिल्लीत कॅथलिक गटांनी ‘मार्च फॉर लाइफ’ काढला. कायदा मात्र बदलला नाही.

समलैंगिकतेच्या प्रश्नावर ख्रिस्ती संघटना खरोखर न्यायालयात उतरल्या होत्या. दिल्ली उच्च न्यायालयाने २००९ मध्ये कलम ३७७ शिथिल केलं, तेव्हा त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेलेल्यांमध्ये ओडिशातली उत्कल ख्रिश्चन कौन्सिल आणि अपोस्टॉलिक चर्चेस अलायन्स या संस्था होत्या. डिसेंबर २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कलम पुन्हा लागू केलं.

तेव्हा मुंबईचे आर्चबिशप कार्डिनल ओस्वाल्ड ग्रेशियस यांनी वेगळा सूर लावला. समलैंगिक विवाहाला चर्चचा विरोध आहे, पण समलैंगिक व्यक्तींना चर्चने कधी गुन्हेगार मानलं नाही, असं त्यांनी सांगितलं. पाप आणि गुन्हा यात त्यांनी रेघ ओढली. शिकवण चर्चची, तुरुंग सरकारचा, आणि दोन्ही एकत्र करायचे नाहीत. २०१८ मध्ये कलम ३७७ चा तो भाग रद्द झाला. ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने समलिंगी विवाहाला मान्यता देण्यास नकार दिला.

ही रेघ महत्त्वाची आहे. कारण पुढचा सगळा प्रश्न तिच्याभोवती फिरतो.

सरकारी हात आपल्याच घरात आला तर?

जानेवारी २०२५ मध्ये उत्तराखंडात समान नागरी कायदा लागू झाला. त्यात लग्न-घटस्फोटाचे नियम सर्व धर्मांना समान आहेतच, पण लग्नाशिवाय एकत्र राहणाऱ्या जोडप्यांना नोंदणीची सक्तीही आहे. कागदावर पाहिलं तर एखाद्या सनातनी कॅथलिकाला हे ‘कुटुंबमूल्यांचं रक्षण’ वाटू शकेल. पण त्या कायद्यातलं कुटुंब कसं असावं, हे ठरवणारा बहुमताचा सरकारी पक्ष आहे, चर्च नाही.

महाराष्ट्रात फेब्रुवारी २०२५ मध्ये राज्य सरकारने पोलीस महासंचालकांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. विषय होता ‘लव्ह जिहाद’ आणि फसवून किंवा बळजबरीने होणारं धर्मांतर रोखण्यासाठी कायदा. इतर राज्यांतल्या अशा कायद्यांमध्ये लग्नासाठी केलेलं धर्मांतर संशयाच्या घेऱ्यात येतं. उपनगरातल्या कॅथलिक मुलाने हिंदू मुलीशी लग्न केलं आणि तिने पुढे बाप्तिस्मा घेतला, तर आजवर तो दोन घरांचा आणि फादरचा विषय होता. अशा कायद्यानंतर तो पोलिसांचाही होऊ शकतो.

युक्तिवाद पाहिले तर साम्य लक्षात येतं. ‘आमच्या भावना दुखावल्या, आमच्या बायकांची बदनामी झाली, आमचं कुटुंब धोक्यात आहे, सरकारने हस्तक्षेप करावा.’ सिनेमाविरुद्ध कॅथलिक संघटनांनी जी वाक्यं वापरली, तीच धर्मांतरविरोधी मोर्चांमध्ये वापरली जातात. फरक संख्येचा आहे. एक टक्क्याने मागितलेली बंदी बहुतेक वेळा फेटाळली जाते. बहुसंख्याकांच्या नावाने मागितलेली बंदी कायदा बनते.

म्हणूनच अमेरिकेतल्या पुराणमतवादी ख्रिस्ती चळवळीशी नातं असलेली एडीएफ इंडियासारखी कायदेविषयक संस्थाही भारतात मुख्यतः धार्मिक स्वातंत्र्याचे खटले लढते. तिकडे गर्भपातबंदीसाठी युक्तिवाद करणाऱ्या परिवारातली संस्था इकडे पास्टरच्या जामिनासाठी उभी राहते. संख्या कमी असली की प्राधान्यक्रम आपोआप बदलतात.

आता पुढे काय पाहायचं?

मुंबईच्या आर्चबिशपपदी जानेवारी २०२५ पासून जॉन रॉड्रिग्ज आहेत. समान नागरी कायदा आणि धर्मांतरविरोधी कायदा या दोन्हींवर चर्चला, कॅथलिक सभेला आणि फोरमसारख्या गटांना भूमिका घ्यावी लागणार आहे. तेव्हा ‘सरकारने आमच्या कुटुंबात पडू नये’ हे म्हणताना, ‘सरकारने इतरांच्या नाटकात, सिनेमात, शयनगृहात पडावं’ हे जुनं म्हणणं सोबत ठेवता येईल का, याचं उत्तर त्यांना द्यावं लागेल.

दुसरी गोष्ट कलम १०-अ ची. संमतीच्या घटस्फोटासाठी हिंदू विवाह कायद्यात एक वर्ष वेगळं राहण्याची अट आहे, ख्रिस्ती कायद्यात दोन वर्षांची लिहिली आहे. केरळ उच्च न्यायालयाने आपल्या निकालांमधून ती आधी कमी केली आणि २०२२ मध्ये प्रतीक्षेची सक्तीच घटनाबाह्य ठरवली. महाराष्ट्रातल्या जोडप्यांसाठी संसदेने हा फरक मिटवला, तर त्यासाठी समान नागरी कायद्याची वाट पाहावी लागणार नाही. २००१ ची दुरुस्ती अशीच झाली होती, समाजातल्या बायकांनी मागितली म्हणून.

आणि पुढच्या वेळी ‘ख्रिश्चनांनी बंदी मागितली’ असा मेसेज आला, तर पत्रकाखालची सही पाहावी. ती आर्चबिशपांची आहे, एखाद्या संघटनेची आहे की एका माणसाची, यावर त्या बातमीचा अर्धा अर्थ ठरतो.